हळदीचं बोट

निघायच्या दिवशी आईनं माझ्या बॅगेला हळदीचं बोट लावलं. २००१ चा ऑगस्ट. कराडच्या आमच्या घरासमोर मुंबईला जायची सुमो उभी, ड्रायव्हर हॉर्नवर हॉर्न देतोय, शेजारच्या शांताकाकू पदर हातात घेऊन रडायच्या तयारीत, आणि आमच्या मातोश्री स्वयंपाकघरात वाटीत हळद कालवत बसलेल्या. मी दारातून ओरडले, "आई, विमान थांबणार नाही माझ्यासाठी!" ती सावकाश बाहेर आली, निळ्या बॅगेच्या कोपऱ्यावर ओल्या हळदीचं बोट टेकवलं आणि म्हणाली, "थांबेल की. एवढं कुठं अडलंय त्याचं."

बघणाऱ्यांना वाटलं शुभशकुन. तसलं काही नव्हतं. बाबांचा फोटो स्टुडिओ होता आणि पुढं त्यांनी लग्नांचं व्हिडिओ शूटिंगही सुरू केलं होतं. कोरी टेप दिसली की वापरायची, वाया घालवायची नाही, ही दुकानाची शिस्त. त्या शिस्तीपायी बाबांनी एकदा कुणाच्या तरी साखरपुड्याच्या टेपवर दुसऱ्याच कुणाचं बारसं घेतलं. लक्षात आलं तशी सायकल काढली, त्या घरी गेले, हात जोडले, चार शब्द ऐकून घेतले आणि घरी येऊन मुकाट जेवले. त्या दिवसापासून आईनं नियम केला. जी टेप पुसायची नाही तिच्या लेबलवर हळदीचं बोट. बोट असेल तर हात लावायचा नाही, नसेल तर कोरी समजायची. दुकानात मार्कर होते, शाई होती, पण आईचा शाईवर भरवसा नव्हता. हळदीचा डाग जात नाही हे तिला जन्मभराच्या धुण्यावरून माहीत होतं.

मी निघाले तेव्हा बाबांना जाऊन दोन वर्षं झाली होती आणि स्टुडिओचं शटर बंद होतं. मी एकुलती एक. बॅगेवरच्या त्या बोटाचा अर्थ मला बरोबर कळला होता. आणि तरी गाडी कराडच्या बाहेर पडल्यावर मी रुमाल ओला करून ते पुसायला बसले. एअरपोर्टवर लोक काय म्हणतील! गेलं नाही ते. नुसतं पसरलं.

न्यू जर्सीच्या युनिव्हर्सिटीत मी इलेक्ट्रिकलचं मास्टर्स करायला आले. पहिल्या महिन्यात मी काय काय शिकले? लाँड्री, बस, आणि भाजीवाल्याशी न बोलता भाजी घेणं. मग सप्टेंबर आला, टीव्हीवर ते धुराचे लोट दिसले, आणि त्यानंतर आम्ही सगळेच देशी पोरंपोरी रस्त्यानं जरा खाली मान घालून चालायला लागलो. आई फोनवर म्हणायची, "रूपे, टिकली लावून जात जा बाहेर. आपण कोण ते कळूदे." मी कधी लावली नाही. पण पर्समध्ये टिकलीचं पाकीट ठेवलं होतं, हे आज पहिल्यांदा सांगते.

पुढच्या सेमिस्टरला मला ऑन-कॅम्पस जॉब मिळाला, कला विभागाच्या मीडिया लॅबमध्ये. कॅमेरे, ट्रायपॉड पोरांना द्यायचे, परत घ्यायचे, टेपांच्या कॉप्या काढायच्या. इंटरव्ह्यूला सांगितलं, बाबांचा स्टुडिओ होता. घेतलं की लगेच. तिथं मला सामिया भेटली.

सामिया पॅलेस्टाइनची. नाब्लुसजवळच्या एका गावात आई एकटी राहायची आणि ही इथं फिल्म बनवायची, तीन कॉलेजांत तासिकेवर शिकवायची, तिन्ही ठिकाणी धावत पोचायची. वय असेल अडतीस-चाळीस. मी तिला मॅडम म्हटलं तर ती चिडायची, सामिया म्हण म्हणायची. आपल्या तोंडातून मोठ्या बाईला नुसतं नावानं हाक निघते का? आईला लिहिलेल्या पत्रांत मी तिला सामियाताई करून टाकलं होतं.

तिच्या फिल्मा म्हणजे... बाबांच्या दुकानातून असली प्रिंट गेली असती तर गिऱ्हाइकानं काउंटर डोक्यावर घेतला असता. एक रीळ तिनं महिनाभर मातीत पुरून ठेवलं होतं, मग ते वर काढून प्रोजेक्टरवर चालवलं. पडद्यावर नुसते डाग, बुरशी, आणि मधूनच एखादं दार. एकदा पार्किंगमध्ये दोरीवर ओल्या चादरी वाळत घातल्या आणि त्यांवर आपल्या गावचा रस्ता दाखवला. चादरी वाळत गेल्या तसा रस्ता बदलत गेला. बघायला आम्ही अकरा जण, त्यातली मी पगारी. मी तिला तोंडावर सांगितलं, मला काही कळलं नाही. ती हसली. तिचं हसणं मोठं विचित्र होतं, आधी एक श्वास आत ओढायची, मग फुटायची. कुठल्याही गर्दीत ओळखू यावं असं.

त्या वर्षात तिचे दोन शो कॅन्सल झाले. कारण कुणी सांगितलं नाही, तिनंही विचारलं नाही. इथल्या मराठी मंडळातल्या एका काकांनी मला बाजूला घेऊन सांगितलं, "त्या बाईपासून जरा लांब राहा बाळ. तुझा व्हिसा आहे, कशाला यार उगाच नाव कुठं यायला हवं." मी मान डोलावली. आणि सामियानं मला तिच्याबरोबर एका शोला यायला सांगितलं तेव्हा मी असाइनमेंटचं निमित्त केलं. असाइनमेंट होती, पण तेवढी नव्हती.

हळदीच्या बोटाची गोष्ट मी तिला सांगितली होती. तिला ती फार आवडली. मग मी लॅबमध्येही तेच सुरू केलं. हळद कुठली, पिवळा हायलायटर. पुसायची नाही ती टेप माझ्याकडून पिवळा ठिपका घेऊन जायची. पोरं मला हसायची, पण ठिपक्याला घाबरायची.

२००२ च्या उन्हाळ्यात सामिया घरी जाऊन आली. कशी गेली, सैनिकांच्या किती नाक्यांवर किती तास उभी राहिली, ते तिनं एका वाक्यात संपवलं. लॅबचा छोटा कॅमेरा घेऊन गेली होती. आईला शूट केलं, म्हणाली, नऊ टेपा. तिची एक पद्धत होती. घेतलेलं एक वर्ष बघायचं नाही. आपण काय घेतलं हे विसरायला हवं, मगच ते दिसतं, असं तिचं म्हणणं. मला हे पटायचं नाही. आमच्याकडं लग्न झालं की चौथ्या दिवशी वरमाय दारात उभी असायची, कॅसेट कुठाय म्हणून.

तिनं टेपांचा डबा माझ्या हाती दिला, ठिपके लाव आणि कपाटात ठेव म्हणाली. मी लावले. आठ टेपा होत्या. डब्यावर नऊ लिहिलेलं. मी मोजल्या नाहीत, निदान तेव्हा तरी लक्ष नव्हतं. एक कॅमेऱ्यातच राहिली होती, हे मला फार पुढं कळलं. म्हणजे तिच्या क्रमानं ती सातवी, उरलेलं शूट करायला ती शेवटच्या दिवशी पुन्हा कॅमेऱ्यात घातली होती. कॅमेरा परत आला, मी उघडला, आत बिनलेबलची टेप. पोरं रोजच विसरायची तशा. तसल्या टेपांसाठी एक खोका होता. दोन आठवडे कुणी मागायला आलं नाही तर टेप पुन्हा वापरायची. मी ती खोक्यात टाकली.

सप्टेंबरात मंडळाचा गणपती. हायस्कूलच्या कॅफेटेरियात मखर, बायका भाज्या चिरतायत, पोरं लेझीम घेऊन धडपडतायत. मी आईला कबूल केलं होतं की इथला गणपती दाखवीन. शनिवारी सकाळी लॅबमधून कॅमेरा घेतला, खोक्यातून एक टेप उचलली. ठिपका नव्हता. सवयीनं कॅमेऱ्यात घालून क्षणभर चालवून बघितली.

हे मी पाच वर्षं कुणाला सांगितलं नव्हतं. मला दिसलं होतं. त्या इवल्याशा पडद्यावर एक म्हातारा हात दिसला, हिरवीगार पानं निवडणारा. देठ मोडायचा, पान एका बाजूला, देठ दुसऱ्या बाजूला. दोन-तीन सेकंद. कुणाचं आहे म्हणून विचारावंसं एकदा वाटलं. पण शनिवार होता, आरतीला उशीर होत होता, आणि मनात आलं, असेल कुणा पोरीची असाइनमेंट, आजीचे हात-बित, इथं सगळ्यांना आजीचे हातच सापडतात. नियमही माझ्या बाजूनं होता. ठिपका नाही म्हणजे कोरी. मी टेप सुरुवातीला नेली आणि रेकॉर्ड दाबलं.

सोमवारी लॅबमध्ये त्याची मोठ्या कॅसेटवर कॉपी लावली, मशीन चालू ठेवून क्लासला गेले, परत आले तोवर दोन्ही टेपा शेवटाला जाऊन थांबल्या होत्या. कॅसेट इंडियाला निघालेल्या एका काकूंच्या हाती दिली. नोव्हेंबरात आईचा फोनवर निरोप, गणपती बघितला. बाबांच्या जुन्या व्हीसीआरवर अमेरिकन कॅसेट काळीपांढरी दिसते, पण दिसते. "आणि ती भाजी निवडणाऱ्या मावशी कोण गं? छान वाटल्या." कॉलिंग कार्डवर मिनिटं संपत आली होती. मला मंडळाच्या महाप्रसादातल्या बायका आठवल्या. म्हटलं, "असतील कुणीतरी मंडळातल्या. आई, ठेवते."

पुढच्या फेब्रुवारीत सामियाची आई गेली. तिकडचे रस्ते बंद होते, परवानगी मिळेना. तिला जाता आलं नाही. चौथ्या दिवशी ती लॅबमध्ये आली, कोट अंगावर तसाच, आणि म्हणाली, "रूपाली, मला वर्ष थांबायचं नाही. सातवी टेप दे. त्यात ती स्वयंपाकघरात आहे, पानं निवडतेय. तेवढी एकच आहे ज्यात तिनं मला कॅमेरा बंद कर म्हटलं नाही."

पानं म्हटल्यावर मला तो म्हातारा हात आठवला. बघते म्हणाले, आत गेले. माझ्या ड्रॉवरमध्ये ती टेप होती. वर माझ्याच अक्षरात लिहिलेलं, गणपती २००२. आणि हो, पिवळा ठिपकाही होता. माझा गणपती कुणी पुसू नये म्हणून.

मी ती लावली. लेझीम, मखर, आरती. पाच मिनिटं बघितली असेल. पुढं बघवेना. बाहेर ती कोट घालून बसली होती. मी टेप बाहेर काढली, फीत ओढली, चुरगळली आणि मागच्या दारानं जाऊन कचऱ्याच्या मोठ्या डब्यात टाकली. मग तोंड धुतलं आणि तिला जाऊन सांगितलं, टेप मशीननं खाल्ली. मी खूप प्रयत्न केला. वाचली नाही.

का खोटं बोलले? जॉब गेला असता. व्हिसा. काकांचे शब्द. हे सगळं मी वर्षानुवर्षं स्वतःला सांगत आले. खरं एवढंच की मी भ्याले. बाबांनी सायकल काढली होती. मला तर दाराबाहेरच जायचं होतं, दहा पावलं.

मग उठून तिनं मलाच जवळ घेतलं. "तू प्रयत्न केलास," म्हणाली. त्या मिठीची मला आजही शिसारी येते. तिची नाही, माझी.

त्यानंतर सामियानं ते काम केलं ज्यानं ती मोठी झाली. एका रिकाम्या खोलीत नऊ टेबलं, साधी स्वयंपाकघरातली, प्रत्येकावर जुना टीव्ही. आठांवर आई. दार लावताना, पायऱ्या उतरताना, हातानं कॅमेरा ढकलताना. सातवा टीव्ही काळा. चालू, पण काळा. त्याच्यासमोर एक खुर्ची, आणि खुर्चीत बसलं की सामियाचा आवाज ऐकू यायचा. त्या टेपवर काय होतं ते ती आठवायचा प्रयत्न करतेय. पानं मोठी होती की बारीक. आईनं बांगड्या घातल्या होत्या का. नाही, घातल्या असतील. खिडकी डावीकडं होती. की उजवीकडं.

आधी एका छोट्या गॅलरीत, मग न्यूयॉर्कात, मग युरोपात. लोक त्या खुर्चीसाठी रांग लावायचे. पेपरात लिहून यायचं की हा काळा पडदा म्हणजे एका अख्ख्या समाजाची पुसलेली आठवण. कुणी लिहिलं, सैनिकांनी नाक्यावर टेप काढून घेतली असणार. सामियानं असं कधी म्हटलं नाही. विचारलं तर ती खरं तेच सांगायची, म्हणजे मी सांगितलेलं, की मशीननं खाल्ली. लोक हळू मान हलवायचे, जणू मशीन म्हणजे आणखी काहीतरी. तिला शिकागोत कायमची प्रोफेसरची नोकरी मिळाली. तीन कॉलेजांतली धावपळ थांबली. मला आनंद झाला, खरंच झाला. आणि त्याच आनंदाच्या पोटात माझ्यातलीच एक बाई बसलेली असायची जी म्हणायची, बघ, तुझ्या चुकीनं तिचं भलंच झालं. त्या बाईचा मला सगळ्यांत जास्त राग येतो.

मी तोवर डिग्री घेऊन नोकरीला लागले होते, महेशशी लग्न झालं होतं, वेस्ट विंडसरला घर, दोन गाड्या, मागं बसायला पॅटिओ. २००५ मध्ये न्यूयॉर्कच्या शोला सामियानं आग्रहानं बोलावलं. प्रश्नोत्तरं चालू होती. कुणी सातव्या टेपबद्दल विचारलं. तिनं हात लांब करून मला दाखवलं. "ही रूपाली. माझी आई गेली त्या आठवड्यात हिनं ती टेप वाचवायची खटपट केली." लोक वळले आणि टाळ्या वाजवल्या. महेशनंही वाजवल्या. मी हसले. हसले मी! घरी येताना गाडीत महेश म्हणाला, "काय ग्रेट बाई आहे यार."

इकडे आलेल्या तुम्हां सगळ्यांना माहीत आहे, आपण घरच्यांना किती गोष्टी सांगत नाही. ताप आला, लेऑफ झाला, पडलो. त्यांना काळजी नको म्हणून. न सांगायची सवय इतकी मुरते की मग ती कुणासाठी होती हेच आठवत नाही. आईशी मी दर रविवारी बोलायचे आणि तिला काहीच सांगायचे नाही.

जानेवारी २००८ मध्ये आमच्या लेकीला, इराला घेऊन कराडला गेले. ती तीन वर्षांची, आजी मराठीत बोलायची आणि ही इंग्लिशमध्ये उत्तरं द्यायची, दोघींचं छान चाललं होतं. एका सकाळी मी स्वयंपाकघरात पोहे भिजवत होते. बाहेर आई म्हणाली, "ये, तुला तुझ्या आईचा अमेरिकेतला गणपती दाखवते." व्हीसीआरची खरखर, लेझीम, मग आरती. मी मनात म्हटलं, बंद कर. आरती संपली, टाळ्या झाल्या, खरखर झाली. आणि मग मला सामियाचं हसणं ऐकू आलं.

आधी आत ओढलेला श्वास, मग हसू. कराडमध्ये, आमच्या माजघरात.

मी हात तसेच ओले घेऊन बाहेर आले. टीव्हीवर काळंपांढरं स्वयंपाकघर. डावीकडं खिडकी. एक म्हातारी बाई खुर्चीत बसून पानं निवडतेय, हातात बांगडी आहे, एकच, आणि कॅमेऱ्यामागच्या मुलीला काहीतरी सांगतेय. माझा गणपती टेपच्या शेवटापर्यंत पोचलाच नव्हता. सोमवारी मी मशीन चालू ठेवून क्लासला गेले तेव्हा उरलेली नऊ मिनिटंही या कॅसेटवर उतरली होती. आणि मूळ टेप, ज्यात तीच नऊ मिनिटं होती, ती मी न बघता कचऱ्यात टाकली होती.

"हू इज दॅट?" इरानं विचारलं.

"ती पण आजीच," आई म्हणाली. मग माझ्याकडं वळून, "तुला विचारलं होतं की मी, कोण या. मला वाटलं तुझी घरमालकीण. दुपारी भाजी निवडायला बसले की लावते मी यांना. दोघी मिळून निवडतो."

पाच वर्षं. माझी आई पाच वर्षं त्या बाईसोबत भाजी निवडत होती. म्हणाली, यांची पानं रंगानं कशी आहेत ते काही कळत नाही, पण देठ मोडायची रीत बघ, आपल्यासारखीच. शेवटी त्या उठतात, हात पुढं करतात, कॅमेऱ्यावर ठेवतात आणि मग अंधार होतो. आईला एकेक हालचाल पाठ होती. जे सामियाला जगभर खुर्ची मांडून आठवत नव्हतं ते माझ्या आईला पाठ होतं.

मी खाली बसले आणि सगळं सांगितलं. खोका, शनिवार, हात दिसलेला, रेकॉर्ड, कचऱ्याचा डबा, टाळ्या. इरा घाबरून माझ्याकडं बघत होती. आई ऐकत राहिली. शेवटी एवढंच म्हणाली, "दिसलं होतं ना तुला? मग बटण का दाबलंस?"

तिनं मला समजावलं नाही, जवळ घेतलं नाही. उठून कॅसेट बाहेर काढली आणि माझ्या हातात दिली. लेबलवर माझं गिचमिड अक्षर, आणि त्याच्या बाजूला हळदीचं बोट. जुनं, सुकलेलं, तपकिरी होत आलेलं.

"हे कधी लावलंस?"

"पहिल्यांदा बघितली तेव्हाच. कुणाची तरी आई आहे ती. आणि तुमचा काय भरवसा, बापलेकींचा. जे दिसेल त्यावर शूटिंग घेता."

निघायच्या दिवशी तीच निळी बॅग दारात होती. मी मुद्दाम थांबले. आई बाहेर आली, इराच्या हातावर साखर ठेवली, माझ्या डोक्यावर हात ठेवला. वाटी नव्हती. मला वाटलं विसरली. "आई, हळद?"

"आधी तिला सांगून ये," म्हणाली. "मग लावते."

एप्रिलमध्ये मी शिकागोला गेले. फोनवर सांगणं शक्य होतं, पोस्टानं पाठवणं शक्य होतं. पण बाबांची सायकल डोळ्यांसमोरून हलेना. सामियानं दार उघडलं, केस पांढरे झाले होते, हसणं तेच. चहा केला, पुदिन्याचा, इराचे फोटो मागितले. मी म्हटलं, आधी ऐक. आणि सांगितलं. तिच्या भाषेत नाही, माझ्या भाषेत नाही, दोघींच्या त्या उसन्या इंग्लिशमध्ये, ज्यात माफीचे शब्द इतके सोपे आहेत की ते काढताना लाज वाटते.

तिनं चहाचा ग्लास बाजूला सारला. मग विचारलं, "तुला ती दिसली होती?"

"हात दिसला होता."

"आणि पानं?"

"हो. हिरवी. मोठी."

तिनं डोळे मिटले. मग म्हणाली, "मी पाच वर्षं लोकांना त्या खुर्चीत बसवलं. स्वतः बसले. माझ्या देशाबद्दल बोलले त्या काळोखात. आणि तिथं तुमचा सण होता." आवाज चढला नाही. चढला असता तर बरं झालं असतं. मी कॅसेट टेबलावर ठेवली. सांगितलं, यात शेवटची नऊ मिनिटं आहेत, माझ्या आईकडं होती, माझ्या आईनं सांभाळली.

तिनं कॅसेट उचलली आणि लेबलवरून अंगठा फिरवला. तिला ती गोष्ट आठवत होती. "ही खरी हळद?"

"खरी."

मी उठले. ती दारापर्यंत आली. माझ्याकडं न बघता म्हणाली, "तुझी आई इतक्या वेळा बघत होती. तिला काय वाटलं, माझी आई काय बोलतेय?"

मला आईचे शब्द आठवले, कराडला मी विचारलं होतं तेव्हा ती सहज बोलून गेली होती. "ती म्हणते, शेवटी त्या हात पुढं करून म्हणतायत, पुरे झालं तुझं ते शूटिंग. ऊठ, जेवून घे."

सामियानं दाराची चौकट धरली. तिचे खांदे हलत होते, पण ती रडत होती की हसत होती ते मला दिसलं नाही, तिनं तोंड फिरवलं होतं. मग म्हणाली, "जा आता, रूपाली."

मी गेले. तिनं मला माफ केलं का? नाही केलं, आणि करावं असं मला वाटतही नाही. त्या खोलीतला सातवा टीव्ही आता ती काळाच ठेवणार की नाही, तिच्या नावाचं काय होणार, लोकांना ती काय सांगणार, हे सगळं तिच्यावर मी टाकून आले. खरं सांगितल्यावर हलकं वाटतं म्हणतात. मला विमानतळावर बसून नुसती भूक लागली, आणि भूक लागल्याचीही लाज वाटली.

घर घर म्हणून आपण इथं काय काय जपतो. मी तर देव्हारा आणला, खलबत्ता आणला, इराला रविवारच्या मराठी शाळेत घालायचं ठरवून टाकलं. पण इतक्या वर्षांत एकदाही मला घरी गेल्यासारखं वाटलं नाही, कराडला पोचल्यावरसुद्धा नाही. का, ते आता कळतं. जिथं आपलं सगळं माहीत असूनही दार उघडतं ते घर, आणि मी तर कुणालाच काही माहीत होऊ दिलं नव्हतं.

गेटपाशी बसूनच मी आईला फोन लावला. तिकडे सकाळ होती. मागून कुकरची शिटी ऐकू आली.

"सांगितलं," मी म्हटलं.

"स्वतः जाऊन?"

"स्वतः."

"काय म्हणाली?"

"जा आता, म्हणाली."

"बरोबर आहे तिचं." आणि मग, "कॅसेट ठेवून घेतली ना?"

"घेतली. तिच्याकडं रंगीत दिसेल ती."

"भाजी हिरवीच ना गं?"

"हिरवीगार."

"तरीच," आई म्हणाली. आता दुपारी भाजी निवडायला ती एकटीच बसणार होती, ते तिच्या आवाजात कळलं, पण ती त्याबद्दल बोलली नाही. शिटी पुन्हा झाली. तिनं गॅस बारीक केला असावा, कारण मग तिचा आवाज जवळ आला.

"ये मग," म्हणाली. "आणि बॅग तीच आण."